तिकडे बघ

माझे वडील शब्दभ्रमकार होते. म्हणजे लाकडी बाहुला मांडीवर बसवून, स्वतःचे ओठ न हलवता त्याला बोलायला लावणारे. एके काळी रविवारी सकाळी टीव्हीवर त्यांचा कार्यक्रम लागायचा आणि ज्याच्या घरी टीव्ही असेल त्याच्या घरात अख्खी आळी येऊन बसायची. त्यांचं नाव मी इथे लिहिणार नाही. बाहुल्याचंही नाही. तेव्हाच्या पोरांना बाहुल्याचं नाव तोंडपाठ असायचं, आणि बाबांचं विचारलं तर म्हणायची, "त्याच्यामागे ते काका बसतात ना, ते." बाबांना याचं फार कौतुक. म्हणायचे, हीच खरी पावती. मला मात्र तेव्हापासून त्या ठोकळ्याचा राग आहे.

आधीच सांगून ठेवते. पंचेचाळिशी ओलांडली, एका मुलीची आई झाले, केस पिकायला लागले, तरी बाबांचा विषय निघाला की माझ्या डोक्यात तिडीक जाते. लोकांना वाटायचं, काय भाग्यवान पोरगी, घरात चोवीस तास करमणूक! कपाळ माझं.

बाबा आधी सरकारी कचेरीत कारकून होते. गावोगाव प्रयोग करत फिरणाऱ्या एका म्हाताऱ्या कलाकाराच्या पायाशी बसून त्यांनी ही विद्या उचलली. गुरूंनी पहिली दोन वर्षं बाहुल्याला हातसुद्धा लावू दिला नाही. नुसतं आरशासमोर बसायचं, दातांत पेन्सिल धरायची आणि बाराखडी म्हणायची. प, फ, ब, भ, म म्हणताना ओठ मिटतातच, त्याला इलाज नाही. म्हणून ही अक्षरं बाहुल्याच्या तोंडी शक्यतो येऊच द्यायची नाहीत. बाहुला बाबांना 'काका' म्हणायचा आणि मला 'ताई', ते त्यामुळेच. मी त्याच्यापेक्षा धाकटी होते खरं तर. पांगाऱ्याच्या लाकडातून त्याला कोरून घेतलं तेव्हा माझा जन्मही झाला नव्हता.

गुरूंनी शपथेवर पाळायला लावलेला आणखी एक नियम होता. बाहुला बोलत असेल तेव्हा आपण त्याच्याकडे बघायचं. जीव गेला तरी नजर हलवायची नाही. तू बघशील तिकडेच लोक बघतात, तू लोकांकडे बघितलंस की ते तुझ्या तोंडाकडे बघणार आणि मग तू मेलास. बाबा हे मोठ्या अभिमानाने सगळ्यांना सांगायचे. मुलाखतीत सांगायचे, लग्नाच्या पंगतीत सांगायचे, आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात प्रमुख पाहुणे म्हणून आले तेव्हाही सांगितलं. त्यांच्या कलेचं सगळं रहस्य ओठांत नव्हतं, नजरेत होतं. आणि त्या नजरेनेच आमची वाट लावली.

मी नऊ वर्षांची होते. आईची कावीळ विकोपाला गेली होती आणि ती आठवडाभर दवाखान्यात होती. घरात आत्या येऊन राहिली होती. एका सकाळी मी वेणीच्या रिबिनीशी झटापट करत होते, तेवढ्यात बाबा दवाखान्यातून आले. आत्या त्यांच्याकडे बघून पदर तोंडाला लावत स्वयंपाकघरात गेली. बाबांनी हातपाय धुतले, कॉटखालची पेटी ओढली, बाहुला काढला, मांडीवर घेतला आणि मला समोर बसवलं. मी हसले. लाज वाटते सांगायला, पण हसले. मला वाटलं, नवीन गंमत बसवली असेल, मला आधी दाखवतायत.

बाहुला म्हणाला, "ताई, आई देवाघरी गेली. आता रडायचं नाही हं."

मी विचारलं, "परत कधी येणार?" तेही मी त्यालाच विचारलं.

"नाही येणार," तो म्हणाला.

आणि बाबा? बाबा त्याच्याकडे बघत होते. नियम म्हणजे नियम. ते तिकडे बघत होते म्हणून मीही तिकडेच बघत होते. रंगवलेले गाल, खालीवर होणारा जबडा, डोळ्यांच्या त्या मेल्या काचेच्या गोट्या, सगळं मला आत्ताही दिसतं. त्याच्या सदऱ्याचं दुसरं बटण तुटलेलं होतं, तेसुद्धा. पण माझी आई गेल्याचं मला कळलं त्या क्षणी माझ्या बापाचा चेहरा कसा होता, हे मला माहीत नाही. रडत होते का? मला भ्यायले होते का? की नेहमीसारखे आपले प्रयोग करत होते? मी बघितलंच नाही. सारा जन्म हे एक कुसळ माझ्या डोळ्यात आहे.

त्यांनी तेरावाही होऊ दिला नाही, कार्यक्रमाचं चित्रीकरण केलं. त्या रविवारी शेजारच्या काकूंकडे बसून मी तो पाहिला. बायका टीव्हीकडे कमी आणि माझ्याकडे जास्त बघत होत्या. बाहुला नेहमीसारखा चुरुचुरु बोलत होता आणि बाबा प्रेमाने त्याच्याकडे बघत होते. कॉलेजात असताना एकदा मी आरशासमोर उभी राहून ते वाक्य म्हणून पाहिलं. आई देवाघरी गेली, आता रडायचं नाही. एकदाही ओठ मिटावे लागत नाहीत. म्हणजे दवाखान्यातून घरी येईपर्यंत, रिक्षात बसून, त्यांनी ते जुळवलं होतं. बायको गेलेला माणूस रिक्षात बसून अक्षरं निवडत होता! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. पुढे महिनाभर मी त्यांच्याशी बोलले नाही, आणि त्यांना ते कळलंही नसावं.

पुढेही जे काही महत्त्वाचं असेल ते बाहुल्याच्याच तोंडून यायचं. दहावीला गणितात घसरले, तेव्हा बाहुला रागावला. नेदरलँड्सला पीएचडीला निघाले, तेव्हा बाहुल्याने निरोप दिला. मी लग्न ठरवल्याचं फोनवर सांगितलं, तर पलीकडून तो चिरका आवाज, "ताई, छान झालं!" फोनवर! फोनवर कोणाला ओठ दिसणार होते त्यांचे? हद्द असते एकेका गोष्टीला.

तोवर त्यांचे दिवस सरले होते. केबल आली, कार्टून आली, रविवार सकाळचा कार्यक्रम आधी अर्ध्या तासाचा झाला, मग पंधरा मिनिटांचा, मग एका पत्राने बंद. जुन्या टेपांवर दुसरं काहीतरी चित्रित करून टाकलं म्हणे, म्हणजे एवढी वर्षं टीव्हीवर असूनही दाखवायला फुटकळ दोन-तीन तुकडे सोडले तर काही उरलं नाही. मग वाढदिवस, साड्यांच्या दुकानांची उद्घाटनं, एका निवडणुकीत कोणाचा तरी प्रचार. तिथेही बाहुलाच बोलला. बाबा कधी कुरकुरले नाहीत. निदान माझ्यापाशी तरी नाही, आणि बाहुल्याला कुरकुर करायला कोणी शिकवलं नव्हतं.

मी वाखनिंगनच्या विद्यापीठात टोमॅटोच्या रोगांवर काम करता करता तिथेच राहिले. नवरा झुइडासच्या, म्हणजे इथल्या बँकांच्या पेठेतल्या, एका बँकेत. मुलगी झाली. बाबा नातीला बघायला यायचं नेहमी पुढे ढकलायचे, आणि शेवटी आले ते नेमके करोनाच्या वर्षी, फेब्रुवारीत. वय चौऱ्याहत्तर. बॅग सामानात टाकली आणि पेटी मांडीवर धरून आले. विमानतळावर कस्टमच्या माणसाने पेटी उघडायला लावली तेव्हा बाहुल्याने त्याला इंग्रजीत हॅलो सर म्हटलं म्हणे. तो हसला आणि मागच्या दोघांना बोलावून आणलं. हे बाबा तीन दिवस सांगत होते.

तीन आठवड्यांत सगळं बंद झालं. शाळा बंद, विमानं बंद, माझी प्रयोगशाळा आळीपाळीने दोघादोघांना उघडी. नवरा वरच्या खोलीत दिवसभर मीटिंगमध्ये, लेक जेवणाच्या टेबलावर ऑनलाइन शाळेत, मी सायकलवरून ग्रीनहाउसमध्ये रोपांना पाणी घालून परत. आणि सोफ्यावर बाबा आणि तो. व्हिसाची मुदत संपत आली तशी मी फोन करून करून वाढवून घेतली. बाबांना म्हटलं, आता किती दिवस लागतील सांगता येत नाही. ते हसून म्हणाले, "राहू की. काय घाई आहे?"

मनात म्हटलं, ठीक आहे. आता पळून जायला चित्रीकरण नाही, दौरा नाही, माणसं नाहीत. आता हा माणूस माझ्या तावडीत आहे. मला एकच गोष्ट हवी होती. त्या दिवशीचं त्यांनी स्वतःच्या तोंडाने सांगावं. माफीबिफी नको होती. ते रडले होते की नव्हते, एवढं सांगितलं असतं तरी पुरे होतं.

त्या वसंतात इथे लहान मुलांसाठी एक खेळ निघाला. लोकांनी घराच्या दर्शनी खिडकीत टेडी अस्वलं ठेवायची आणि मुलांनी आईबापाचा हात धरून फिरता फिरता ती मोजायची. इथल्या खिडक्या भल्या मोठ्या, पडदे नावाला, त्यामुळे गल्लीभर अस्वलंच अस्वलं. आमच्याकडे अस्वल नव्हतं. बाबांनी बाहुला खिडकीत बसवला आणि स्वतः सोफ्याआड गुडघे टेकून बसले. पहिल्याच दिवशी दोन सोनेरी केसांच्या पोरी थबकल्या. बाहुल्याने मान वळवली, डोळे मिचकावले, जबडा वाजवला. काचेतून आवाज जात नव्हता, गरजही नव्हती. आठवडाभरात आमच्या खिडकीसमोर दीड-दीड मीटर अंतर ठेवून रांग लागायला लागली. समोरच्या म्हाताऱ्या बाईंनी केक आणून दाराशी ठेवला. चौऱ्याहत्तर वर्षांचा माणूस गुडघ्यांचं दुखणं विसरून दोन दोन तास सोफ्याआड बसत होता, परक्यांच्या पोरांसाठी. मी स्वयंपाकघरातून बघायचे आणि भांडी जरा जास्तच जोरात आपटायचे.

लेकीचं तर विचारूच नका. जन्मल्यापासून मी तिच्याशी मराठीत बोलत आलेय आणि ती मला डचमध्ये उत्तर देत आलीये. समजतं सगळं, बोलायचं म्हटलं की तोंडाला कुलूप. बाबांनी, म्हणजे तिच्या आबांनी, तिला एवढंच सांगितलं की ह्याला डच येत नाही बरं का. पंधरा दिवसांत पोरगी त्याच्याशी घडाघडा मराठी बोलायला लागली! "तू जेवलास का? तुला थंडी वाजते का?" माझ्या सात वर्षांच्या मेहनतीवर पाणी. आनंद व्हायला हवा होता, झालाही. माझ्याशी मात्र डचच.

मे महिन्यात इथल्या मराठी मंडळाने मुलांसाठी बाबांचा ऑनलाइन कार्यक्रम ठेवला. बाबांनी कडक इस्त्रीचा झब्बा घातला, बाहुल्याला नवा सदरा घातला. मी लॅपटॉप लावून दिला. झालं काय, की त्या प्रोग्रॅममध्ये मागचा गोंगाट आपोआप कापायची सोय होती, आणि कॉम्प्युटरला बाहुल्याचा आवाज म्हणजे गोंगाट वाटला. बाबा प्रश्न विचारायचे ते नीट ऐकू जायचं आणि बाहुला उत्तर द्यायला लागला की शांतता. नुसता जबडा हलतोय. वर सगळे म्यूटवर, त्यामुळे कोणी हसतंय की नाही हेही कळेना. मला ते बटण कुठे असतं हे माहीत होतं. मी लगेच उठले नाही. पाच मिनिटं, पूर्ण पाच मिनिटं मी दारात उभी राहून बघत होते. बरी खोड मोडली, असं वाटलं मला. मग गेले आणि दुरुस्त करून दिलं. तोवर निम्मे चौकोन काळे झाले होते.

कार्यक्रम संपल्यावर बाबा म्हणाले, "मुलं पेंगुळली असतील." त्यांच्या स्वतःच्या आवाजात म्हणाले.

त्याच महिन्यात आईची तिथी आली. मी खीर केली, पुरणाचा घाट जमला नाही. नवरा मुलीला घेऊन नदीकडे फिरायला गेला होता. आम्ही दोघंच पानावर. मी विचारलं, "बाबा, आई गेली त्या दिवशी तुम्ही रडलात का?"

त्यांनी खिरीची वाटी खाली ठेवली. माझ्याकडे बघितलं नाही. उठले, ताट घासलं, वाटी घासली, ओटा पुसला, आणि खोलीत गेले. मूग गिळून बसणं म्हणजे काय ते मी अशा वेळी शिकले आहे. मी पण हट्टी, त्यांचीच पोरगी. ते खोलीत असताना दाराबाहेरून ओरडून विचारलं, "तुमच्या तोंडाने सांगा हं! त्याच्या नाही!"

दुसऱ्या दिवशी सकाळी मी चहा ठेवायला खाली आले तर बाबा टेबलापाशी बसलेले. मांडीवर तो. आंघोळ झालेली, केस विंचरलेले, झब्बा घातलेला. म्हणाले, "बस."

मी बसले. बाहुल्याने माझ्याकडे मान वळवली.

"ताई," तो म्हणाला, "तुला एक सांगायचं आहे. त्या दिवशी काका..."

या वेळी मी त्याच्याकडे बघितलं नाही. ठरवून बघितलं नाही. मी सरळ बाबांच्या चेहऱ्याकडे बघितलं. पहिल्यांदाच. ओठ जेमतेम उघडे, स्थिर, गळ्याची घाटी तेवढी खालीवर. नजर बाहुल्यावर. पण त्यांना जाणवलं. इतकी वर्षं लोकांची नजर वळवत आलेला माणूस, आपल्यावर नजर पडली की त्याला चटका बसल्यासारखं कळतं. बाहुला वाक्याच्या मधेच थांबला. जबडा तसाच उघडा.

"माझ्याकडे काय बघतेस?" बाबा म्हणाले. "तिकडे बघ."

"नाही बघणार."

"तिकडे बघ गं."

"तुम्ही सांगा ना बाबा. तुमच्या तोंडाने. चार शब्द. कोण बसलंय इथे हसायला?"

ते तिसऱ्यांदा म्हणाले, "तिकडे बघ," आणि आवाज फाटला. मी बघितलं नाही. चहा उतू गेला, तरी उठले नाही. शेवटी त्यांनी बाहुल्याच्या पाठीतून हात काढला, अंगठ्याने त्याच्या पापण्या मिटल्या, त्याला पंच्यात गुंडाळलं आणि वर गेले. त्यानंतर तो विषय ना त्यांनी काढला ना मी.

तेव्हा मला जिंकल्यासारखं वाटलं होतं. खरंच सांगते, वाटत होतं, बघा, माझ्यासमोर तुमची कला चालत नाही. आज वाटतं, शहाणे, दोन मिनिटं त्या ठोकळ्याकडे बघितलं असतंस तर तुझं काय जात होतं? जे हवं होतं ते अर्ध्या वाक्यावर आलं होतं. त्या दिवशी काका. काका काय? काय केलं काकांनी? मीच त्यांचं तोंड बंद केलं. ते एकच तोंड होतं त्यांच्याकडे.

ऑगस्टमध्ये खास सोडलेल्या एका विमानात बाबांना जागा मिळाली. निघताना त्यांनी पेटी नातीच्या खोलीत ठेवली. म्हणाले, "याला घेऊन आता प्रवास होत नाही माझ्याच्याने. पुढच्या वेळी येईन तेव्हा बघू." मला दिली नाही, तिला दिली. विमानतळाच्या दारात सगळ्यांच्या तोंडाला मास्क. बाबा डोळ्यांनी हसले. "आता सगळ्यांचेच ओठ झाकले," म्हणाले, "माझा धंदा बसला." मी हसले नाही. हसायला हवं होतं. दीड मीटरवरूनच नमस्कार केला आणि ते आत गेले.

दुसऱ्या लाटेत पुण्यात त्यांना गाठलं. मला जाता येणं शक्य नव्हतं, आणि गेले असते तरी आत कोणी सोडलं नसतं. सगळं आतेभावाने बघितलं. चौथ्या दिवशी दवाखान्यातल्या एका सिस्टरनी व्हिडिओ कॉल लावून दिला. सिस्टरचं स्वतःचं तोंडही कुठे दिसत नव्हतं, सगळा पांढरा सूट. बाबांच्या तोंडावर ऑक्सिजनचा मास्क, वाफेने धुरकटलेला. आवाज फक्त त्या ऑक्सिजनचा. मी म्हटलं, "बाबा, मी बोलतेय." त्यांनी डोळे उघडले. काही बोलत होते की नव्हते, कोण जाणे. मग त्यांचा उजवा हात चादरीतून वर आला. सुई टोचलेला, पट्टी गुंडाळलेला. चार बोटं वर, अंगठा खाली, आणि तो हात उघडायला मिटायला लागला. जबडा. रिकामा हात बोलत होता. आणि बाबांची नजर फोनकडे नव्हती, त्या हाताकडे होती.

आणि मी? मी हाताकडे बघितलं. ते तिकडे बघत होते म्हणून मीही तिकडेच. अर्धा-पाऊण मिनिट. मग हात खाली पडला, सिस्टर म्हणाल्या, "ताई, आता आजोबांना आराम करू द्या हं," आणि फोन बंद झाला. तेव्हा लक्षात आलं की याही खेपेला मी त्यांचा चेहरा बघितलाच नाही. मी मोठ्याने शिवी हासडली. त्यांना की मला, ते सांगता येणार नाही.

दोन दिवसांनी, शुक्रवारी दुपारी, आतेभावाचा फोन आला.

शाळा तेव्हा उघडल्या होत्या. नवरा म्हणाला, मी सांगू का तिला? मी म्हटलं, नाही. माझा बाप आहे, मी सांगणार. आणि माझ्याच तोंडाने सांगणार, बाहुलाबिहुला काही नाही. लेक सायकल अंगणात आडवी टाकून आत आली, दप्तर फेकलं, बिस्किट मागितलं. मी तिला सोफ्यावर बसवलं. ती आठ वर्षांची, माझ्या तेव्हाच्या वयाला वर्ष कमी. मी म्हटलं, "हे बघ, आबा..." आणि पुढे काही येईना. पुन्हा म्हटलं, "आबांना बरं नव्हतं ना..." पुन्हा तिथेच अडले. एका वाक्यासाठी ज्या माणसाशी मी आयुष्यभर भांडले, ते वाक्य मला येत नव्हतं. तोंड उघडं आणि आवाज नाही.

लेकीने माझ्याकडे जरा वेळ बघितलं. मग उठली, वर गेली, आणि पेटीतून त्याला काढून घेऊन आली. माझ्या मांडीवर ठेवला. डचमध्ये म्हणाली, "त्याला सांगू दे."

मला पळून जावंसं वाटलं. पण हात आत गेला. पाठीतल्या भोकात लाकूड गुळगुळीत झालं होतं, बाबांच्या हाताने झिजून. बोटाखाली खटका सापडला. जबडा उघडला. आणि मी, मी बाई, त्या चिरक्या आवाजात म्हणाले, "ताई, आबा देवाघरी गेले."

ओठ धडधडीत हलले माझे. आणि नजर? गुरूंचा नियम मला कोणी शिकवला नव्हता. मी बाहुल्याकडे बघायचं विसरले. मी माझ्या लेकीकडे बघत होते. त्यामुळे तिनेही त्याच्याकडे ढुंकून बघितलं नाही. तो बिचारा जबडा उघडून भिंतीकडे बघत बसला होता आणि ती माझ्या तोंडाकडे बघत होती, एकटक.

"आई," ती मराठीत म्हणाली, "तू रडतेस."

"हो," मी म्हटलं. माझ्या आवाजात.

मग मी बाहुला बाजूला ठेवला आणि तिला सगळं सांगितलं, आबा कधी गेले, कसे गेले, आपण का जाऊ शकत नाही. ती रडली, मी रडले, दोघींनी एकमेकींचे चेहरे नीट बघितले. दहा मिनिटंसुद्धा लागली नाहीत. मग तिने बिस्किट खाल्लं.

एवढंच होतं, बाबा. एवढंच करायचं होतं तुम्हाला.